पाचगणीचा पोरगा आणि बाकीचे तिघे

मागच्या पावसाळ्यात पाचगणीहून पुण्याला परतताना पसरणीच्या घाटात गाडीत भांडण पेटलं. धुकं इतकं दाट होतं की गाडी चालवणाऱ्या मित्राने खरं तर रस्त्यावरच नजर ठेवायला हवी होती. पण तो मान वळवून वळवून मागच्या सीटला बजावत होता, "अगं, आपल्या पाचगणीत शिकलेला पोरगा! एकट्याने त्या गोऱ्यांचा बँड वर काढला." मागच्या सीटवरची मैत्रीण तितक्याच ठसक्यात म्हणाली, "हो ना. आणि तो गेला तिथेच बँड संपला. आता पंचाहत्तरी ओलांडलेले दोन म्हातारे त्याच्या नावावर गल्ला भरतायत." वाईला पोचेपर्यंत दोघं एकमेकांशी बोलेनाशी झाली होती. मला मात्र कळेना, ही भांडतायत कशावरून? दोघांचं म्हणणं एकच तर होतं: क्वीन हा ब्रिटिश रॉक बँड म्हणजे त्याचा गायक फ्रेडी मर्क्युरी. एकाला त्याचा अभिमान होता आणि दुसरीला त्याचा धंदा झाल्याचा राग, एवढाच फरक.

हा वाद आपल्याकडे नेहमी याच वळणाने जातो. सप्टेंबरात फ्रेडीचा जन्मदिवस आला की 'आपला फ्रेडी' सुरू होतं, नोव्हेंबरात पुण्यतिथी आली की 'फ्रेडीविना क्वीन' सुरू होतं. माझ्या मते दोन्ही पक्षांचा पायाच कच्चा आहे. क्वीन पन्नास वर्षांहून जास्त काळ टिकली, कारण गाणी लिहिणारी चार माणसं एका छपराखाली राहिली, श्रेय आणि पैसा यांवरची त्यांची भांडणं त्यांनी इतर बँडांपेक्षा शहाणपणाने मिटवली, आणि ऐकायला आलेल्यांना त्यांनी गाण्यात जागा करून दिली. फ्रेडी या चौघांतला सर्वांत मोठा कलावंत होता, हे मी एका दमात मान्य करतो. पण सर्वांत मोठा म्हणजे एकटा नव्हे.

आधी विरुद्ध बाजूचं बळ मोजून घेऊ. गिटार वाजवणारा ब्रायन मे आणि ड्रम वाजवणारा रॉजर टेलर यांचा १९६८ साली लंडनमध्ये 'स्माइल' नावाचा बँड होता. त्यांचा गायक टिम स्टॅफेल १९७० मध्ये सोडून गेला. फ्रेडी आला नसता तर स्माइल हे नाव आज कुणाला ठाऊक नसतं. 'क्वीन' हे नाव फ्रेडीचं, भपका त्याचा, संकोच झुगारून मंचावर उभं राहण्याची छाती त्याची. बोधचिन्हही त्यानेच काढलं. ईलिंगच्या कला महाविद्यालयात तो ग्राफिक डिझाइन शिकला होता. ते चिन्ह एकदा नीट पाहा. मध्ये क्यू हे अक्षर. त्याला रेलून दोन सिंह, म्हणजे सिंह राशीचे टेलर आणि बेस गिटार वाजवणारा जॉन डीकन. वर खेकडा, म्हणजे कर्क राशीचा मे. आणि कन्या राशीच्या स्वतःसाठी दोन चिमुकल्या पऱ्या. सर्वांवर पंख पसरलेला फिनिक्स. ज्याला आपण एकखांबी तंबूचा खांब समजतो, त्याने स्वतः काढलेल्या चित्रात स्वतःला इतकीच जागा दिली होती.

पाचगणीचंही तसंच. झांझिबारमध्ये १९४६ साली जन्मलेला फारोख बलसारा हा पारशी मुलगा वयाच्या आठव्या वर्षी सेंट पीटर्स शाळेच्या वसतिगृहात आला. फ्रेडी हे नाव त्याला इथेच चिकटलं. शाळेतल्या पाच मुलांनी 'द हेक्टिक्स' नावाचा बँड काढला, त्यात तो होता. इथवरची गोष्ट आपण कौतुकाने सांगतो. पण त्या बँडचा मुख्य गायक दुसरा मुलगा होता आणि फ्रेडी पियानो वाजवायचा, हे सांगायला विसरतो. पाचगणीने जगाला काही दिलं असेल, तर दुसऱ्याच्या गाण्याला साथ करत वाढलेला एक पियानोवादक दिला. मला तरी हा अभिमान जास्त खरा वाटतो.

आता 'बोहेमियन ऱ्हॅप्सडी'. एकट्या फ्रेडीच्या प्रतिभेचा दाखला म्हणून हेच गाणं पुढे केलं जातं, आणि ते साहजिकच आहे. जवळपास सहा मिनिटांचं हे गाणं त्याच्याच डोक्यातून आलं. ३१ ऑक्टोबर १९७५ रोजी ते बाजारात आलं आणि ब्रिटनमध्ये सलग नऊ आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिलं. (जाता जाता: अण्णासाहेब किर्लोस्करांच्या 'शाकुंतल'चा पहिला प्रयोग पुण्यात झाला ती तारीखही ३१ ऑक्टोबर, साल १८८०. यातून काही सिद्ध होत नाही, पण मला ही तारीख आवडते.) मधल्या ऑपेराच्या भागात दीडशेवर माणसांचा कोरस गातोय असं वाटतं. प्रत्यक्षात ते तीनच गळे आहेत: फ्रेडी, मे आणि टेलर. चोवीस ट्रॅकच्या टेपवर हेच तिघे पुन्हा पुन्हा स्वतःवर स्वतःचा आवाज चढवत गेले. टेप यंत्रातून इतक्यांदा फिरली की तिचा लेप झिजला आणि ती आरपार दिसू लागली. आणि त्या भागाच्या शेवटी आभाळाला जाऊन टेकणारा जो उंच स्वर ऐकून अंगावर काटा येतो, तो फ्रेडीचा नाही. तो ड्रमवाल्याचा आहे. टेलरचा.

त्यानंतर जी गिटार कोसळते, तिची जन्मकथा तर कुठल्याही खटपट्या मराठी घरात शोभावी अशी. विकतची चांगली गिटार परवडेना म्हणून १९६३ मध्ये शाळकरी ब्रायन आणि त्याचे वडील ती घरीच बनवायला बसले. मानेसाठी जुन्या शेकोटीच्या चौकटीचं, शंभरावर वर्षं मुरलेलं लाकूड घेतलं. त्यात किड्यांनी पाडलेली भोकं काड्या ठोकून बुजवली. तारांचा ताण सांभाळायला मोटारसायकलच्या इंजिनातल्या स्प्रिंगा लावल्या. पट्टीवरच्या ठिपक्यांसाठी आईच्या डब्यातली शिंपल्यांची बटणं गेली. मे आजही तीच गिटार वाजवतो, तीही सहा पेन्सच्या नाण्याने. डीकनही याच पंथातला. इलेक्ट्रॉनिक्सचा पदवीधर. कचराकुंडीत टाकून दिलेलं एक सर्किट त्याने उचललं, जुन्या स्पीकरच्या पेटीत बसवलं आणि एक छोटा अँप्लिफायर केला. मे यांनी त्यातून व्हायोलिनचे, पिपाण्यांचे, अख्ख्या बँडपथकाचे आवाज काढले. क्वीनचा म्हणून जो नाद आपण दोन सेकंदांत ओळखतो, त्यातला अर्धा फ्रेडीच्या गळ्यातून आला. उरलेला शेकोटीच्या लाकडातून आणि त्या कचराकुंडीतून.

आणि गाणी कोणाची? 'वी विल रॉक यू' मेचं. 'रेडिओ गा गा' टेलरचं. 'आय वॉन्ट टू ब्रेक फ्री' डीकनचं. अमेरिकेत क्वीनची दोन गाणी पहिल्या क्रमांकावर गेली, दोन्ही १९८० साली. एक फ्रेडीचं, दुसरं 'अनदर वन बाइट्स द डस्ट', ज्याची ती अजरामर बेसची ओळ आणि शब्द सगळं डीकनचं. मुलाखतीत एक वाक्य धड न बोलणारा हा माणूस! एकट्या फ्रेडीने बँड वर काढला असेल, तर १९८५ मध्ये 'मिस्टर बॅड गाय' हा त्याचा एकट्याचा अल्बम आला तेव्हा काय झालं? आवाज तोच, कीर्ती शिखरावर. ब्रिटनमध्ये बरा चालला, अमेरिकेत कुणी फारशी दखल घेतली नाही. मे आणि टेलर यांच्या एकट्याच्या अल्बमांचीही हीच गत. चौघांतला प्रत्येक जण एकटा असताना चांगला होता. फक्त चांगला.

इथे माझ्या मतावरचा सर्वांत अवघड आक्षेप येतो, आणि तो गाडीतल्या दोघांनाही सुचला नव्हता. गाणी लिहिणारे अनेक जण असणं हीच जर टिकण्याची किल्ली, तर बीटल्स का फुटले? पिंक फ्लॉइडचं नाव कुणी वापरायचं यावरून १९८० च्या दशकात वकील का लावावे लागले? उलट अनुभव असा की एका म्यानात दोन तलवारी राहत नाहीत, इथे तर चार होत्या. हे खरंच आहे. क्वीनमध्येही तलवारी वाजल्या. आणि त्या कशावरून वाजल्या हे पाहण्यासारखं आहे. 'बोहेमियन ऱ्हॅप्सडी'च्या तबकडीच्या मागच्या बाजूला टेलरचं 'आय'म इन लव्ह विथ माय कार' होतं. आता तबकडी विकत घेणारा कुणी मागची बाजू वेगळी विकत घेत नाही. पुढची बाजू खपली की मागचीही खपते, आणि लेखकाचं मानधन दोघांना सारखंच. म्हणजे शतकातलं एक मोठं गाणं लिहिणाऱ्या फ्रेडीला आणि मोटारीवरच्या प्रेमाचं गाणं लिहिणाऱ्या टेलरला तबकडीमागे तितकेच पैसे! हे शल्य बँडमध्ये वर्षानुवर्षं राहिलं. कुणाचं गाणं पुढे, कुणाचं मागे, कुणाचं अल्बममध्येच नाही, यावर हमरीतुमरी व्हायची, कारण प्रत्येक निर्णयाला घरभाड्याचा वास होता.

पैशाचा चटका त्यांना त्याआधीही बसला होता. पहिल्या कंपनीशी केलेल्या करारात ते अक्षरशः पगारी नोकर होते. गाणी वाजत होती, सभागृहं भरत होती, आणि यांच्या हातात आठवड्याचा तुटपुंजा पगार. लग्न झालेल्या डीकनने घराच्या अनामतीसाठी चार हजार पौंड मागितले तर नकार मिळाला. तिथून सुटल्यावर त्यांनी हिशेब स्वतःकडे घ्यायला सुरुवात केली. आणि १९८९ च्या 'द मिरॅकल' अल्बमपासून एक निर्णय झाला: गाणं कुणीही लिहो, लेखक म्हणून नाव क्वीनचं. चौघांना सारखा वाटा. त्या सुमारास फ्रेडीला आपल्या एड्सच्या आजाराची कल्पना होती आणि सर्वांत जास्त सोडणाराही तोच होता. जास्त गाजलेली गाणी त्याची, म्हणजे वाट्याचं नुकसान त्याचं. पण त्यानंतर 'हे गाणं चांगलं की वाईट' एवढाच प्रश्न उरला. बीटल्सना हे जमलं नाही. फ्लॉइडना तर नाहीच नाही.

आपल्याला हे समजायला लंडनला जायची गरज नाही. प्रभात फिल्म कंपनी १९२९ मध्ये कोल्हापुरात निघाली ती पाच भागीदारांची: शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर, सीताराम कुलकर्णी. आज विचारा, प्रभात कुणाची? नव्वद टक्के लोक शांतारामबापूंचं नाव घेतील. पण व्हेनिसच्या महोत्सवात जाऊन नाव काढणारा १९३६ चा 'संत तुकाराम' दामले आणि फत्तेलाल यांनी दिग्दर्शित केला होता. शांतारामांचं मोठेपण कमी करायला मी हे सांगत नाही. सामूहिक कामातला एक चेहरा उचलून बाकीच्यांना त्याच्या सावलीत उभं करायची आपली सवय किती जुनी आहे, एवढंच दाखवतोय. आणि प्रभातचं पुढे काय झालं तेही लक्षात घ्या. १९४२ मध्ये शांताराम बाहेर पडले, दशकभरात कंपनी संपली. भागीदार असून भागलं नाही. भागीदारी टिकवण्याची युक्ती लागते.

दुसरी गोष्ट प्रेक्षकांना दिलेल्या जागेची. मे १९७७ मध्ये स्टॅफर्डच्या बिंगली हॉलमध्ये कार्यक्रम संपला तरी लोक हलेनात. ते यांच्यासाठी गाऊ लागले, तेही क्वीनचं नव्हे, फुटबॉलच्या मैदानावर म्हणायचं गाणं. मे यांनी विचार केला की खांद्याला खांदा लागलेल्या गर्दीत माणूस काय काय करू शकतो? पाय आपटू शकतो, टाळी वाजवू शकतो, ओरडू शकतो. 'वी विल रॉक यू' यातून जन्मलं. त्यात अगदी शेवटपर्यंत वाद्य नाही. स्टुडिओत फळ्यांवर पाय आपटले आणि ते आवाज वेगवेगळ्या अंतराने पुन्हा पुन्हा मिसळले. ही अंतरं निवडताना मे यांच्यातला भौतिकशास्त्राचा विद्यार्थी जागा झाला: ती मूळ संख्यांच्या प्रमाणात ठेवली, म्हणजे प्रतिध्वनी एकमेकांवर बसून घुमणार नाहीत आणि हजारो माणसं विस्कळीत उभी आहेत असा भास होईल. धूळकणांवरची अर्धवट सोडलेली पीएचडी याच माणसाने २००७ मध्ये पूर्ण केली. आयपीएलच्या मॅचला तो ठेका सुरू झाला की शेजारचे काका पायाने दोन ठोके देतात, तेव्हा त्यांना क्वीन कोण हे ठाऊक नसतं. कीर्तनात गजर सुरू झाला की टाळी वाजवणाऱ्याला पद कुणी रचलं हे कुठे ठाऊक असतं?

यावर एक कडवट टीका झाली होती. १९७९ मध्ये अमेरिकी समीक्षक डेव्ह मार्श याने लिहिलं की क्वीन हा बहुधा पहिला खराखुरा फॅसिस्ट रॉक बँड असावा. ही टीका हसून उडवण्यासारखी नाही. हजारो मुठी एका तालात उठतात तेव्हा मलाही क्षणभर अस्वस्थ वाटतं. पण त्या मुठी कुणाविरुद्ध उठल्या हे विचारायला नको का? त्या गर्दीसमोर उभा होता झांझिबारच्या क्रांतीनंतर घर सोडून आलेल्या कुटुंबातला पारशी, पुढचे दात लपवायला मिशीवर हात नेणारा माणूस. त्याच्या हाताबरोबर हात उचलताना लोक कुणाला बाहेर काढत नव्हते. मात्र दुसऱ्या एका आरोपाला माझ्याकडे उत्तर नाही. १९८४ साली वर्णभेदी दक्षिण आफ्रिकेवर कलावंतांचा बहिष्कार असताना क्वीन सन सिटीत जाऊन वाजवून आली. 'आम्ही राजकारणात पडत नाही' हे समर्थन तेव्हाही पोकळ होतं, आज तर कानाला लागतं. चौघांचा निर्णय होता, तेव्हा दोषही चौघांचा.

त्यांची अब्रू वाचली ती लाइव्ह एड या दुष्काळनिधीसाठीच्या महाकार्यक्रमामुळे, आणि फ्रेडीच्या एकहाती करिष्म्याचा शेवटचा पुरावा म्हणून तीच वीस-एकवीस मिनिटं दाखवली जातात. १३ जुलै १९८५, वेम्बली, समोर बहात्तर हजार माणसं. फ्रेडी त्या दिवशी काय होता हे शब्दांत सांगणं कठीण आहे. पण गाणी मोजा. सहा. तीन फ्रेडीची, दोन मेची, एक टेलरचं. बहात्तर हजार हात एका वेळी वर जाऊन टाळी वाजवतात ते जगप्रसिद्ध दृश्य टेलरच्या गाण्यावरचं आहे. शिवाय बरेचसे कलावंत नेहमीसारखं येऊन वाजवून गेले, तर हे लोक लंडनच्या एका थिएटरात घड्याळ लावून आधी तालमी करून आले होते. क्वीनवरच्या २०१८ च्या 'बोहेमियन ऱ्हॅप्सडी' या चित्रपटात मात्र फ्रेडी बँडला सोडून गेलेला, बँड वर्षानुवर्षं न वाजलेला, आणि तो आपला आजार सांगून परत येतो असं आहे. खरं म्हणजे १९८५ च्याच जानेवारीत ते रिओत आणि मे महिन्यात जपानात वाजवत होते. स्वतःचा अल्बम सर्वांत आधी फ्रेडीने नव्हे, टेलरने १९८१ मध्ये काढला होता. आणि आजाराचं निदान लाइव्ह एडच्या नंतरचं. चित्रपटाने नवी पिढी आणली हे मान्य. पण एकट्या नायकाची गोष्ट सांगायला हवी म्हणून बाकीच्या तिघांना रुसलेले सोबती केलं, आणि गाडीतल्या भांडणाला खतपाणी घातलं.

आता मैत्रिणीचा मुद्दा. फ्रेडी २४ नोव्हेंबर १९९१ रोजी गेला. त्यानंतर क्वीनने नवं असं फारसं काही दिलं नाही, हे निर्विवाद. पॉल रॉजर्स या गायकाबरोबरचा २००८ चा अल्बम मी दोनदा ऐकला, तिसऱ्यांदा ऐकायची इच्छा झाली नाही. डीकन १९९७ नंतर मंचावरून उतरला तो कायमचाच, आणि त्याच्या त्या मौनात मला एक सभ्यता दिसते. पण जुनी गाणी वाजवणं म्हणजे गल्ला भरणं? मग अण्णासाहेब १८८५ मध्ये गेले, भाऊराव कोल्हटकर १९०१ मध्ये गेले, आणि आपण अजून 'सौभद्र'चं तिकीट काढतोच ना? गुरू गेल्यावर शिष्याने त्यांची बंदिश गायली तर आपण कानाची पाळी पकडतो. मे यांनी स्वतः लिहिलेलं गाणं स्वतःच्या हाताने बनवलेल्या गिटारवर वाजवलं तर तो म्हातारा धंदेवाईक? फलकावर ते 'क्वीन' आणि पुढे अधिकचं चिन्ह देऊन 'अ‍ॅडम लॅम्बर्ट' असं आताच्या गायकाचं नाव लिहितात. ते चिन्ह मला फार प्रामाणिक वाटतं. रिकामी जागा भरली असा दावा त्यात नाही.

मैत्रिणीला मी त्या दिवशी काही बोललो नाही. सुरूरच्या पुढे हायवेला लागल्यावर गाडीतल्या स्पीकरवर एक गाणं लावलं. 'मदर लव्ह', १९९५ साली आलेलं. फ्रेडीने ते १९९१ च्या मे महिन्यात माँत्रो इथल्या स्टुडिओत गायलं. उभं राहणंही जड जात होतं. शेवटचं कडवं उरलं तेव्हा तो थकला आणि उरलेलं नंतर करू म्हणाला. ते नंतर आलं नाही. गाण्यात दोन कडवी त्याची आहेत, तो उंच जातो, थांबतो, मध्ये थोडी गिटार येते आणि शेवटचं कडवं ब्रायन मेच्या साध्या, जरा कापऱ्या आवाजात सुरू होतं. मित्राने मान न वळवता विचारलं, "हा कोण?"